दादाच्या तोंडी दुसऱ्याचा आवाज

माझा थोरला भाऊ अडखळत बोलायचा. हे आधीच सांगून टाकतो. पुढचं सगळं त्याच्यावरच उभं आहे, आणि मला गोष्ट रंगवत नेता येत नाही. सातवीत शाळा सुटली ती सुटलीच.

अडखळत म्हणजे सगळंच नाही. ‘म’ आणि ‘प’ त्याला जड जायचे. ‘माय’ म्हणायचं तरी आधी ओठ घट्ट मिटायचे, मान डावीकडे झुकायची, डोळे बारीक व्हायचे. मग एकदम शब्द सुटायचा आणि त्याच्यामागं बाकीचं वाक्य धावत यायचं. घरात कुणाला त्याचं काही वाटत नव्हतं. मायचा भाकरी थापणारा हात तेवढ्यापुरता परातीवर थांबायचा, शब्द आला की पुन्हा चालू व्हायचा. गावात चिडवायचे. पण गाव कुणाला सोडतं?

वडील गेले तेव्हा मी बारा वर्षांचा होतो, दादा अठराचा. मी शाळा सोडतो म्हणालो तर तो मला हाताला धरून गुरुजींकडे घेऊन गेला. ‘माझ्या भावाला शाळेत राहू द्या, हा ऐकत नाही’ एवढंच त्याला सांगायचं होतं. ‘माझ्या’वरच अडला. गुरुजी चांगले होते, पण हा इतका वेळ अडला की ते मान खाली घालून हजेरी लिहायला लागले. मी हात सोडवून पळालो. तेव्हा लाज वाटली ती गुरुजींपुढं की दादाची, ते मला अजून नीट सांगता येत नाही.

पुढं दादानंच ओळखीच्या माणसाबरोबर मला गुजरातेत धाडलं, भरूचकडे, एका कारखान्याच्या कँटीनमध्ये. मालक देवमाणूस निघाले. दुपारचं काम आवरलं की जुनी मराठी मासिकं कुठून कुठून आणून द्यायचे, ‘घरी कागद लिख’ म्हणून पत्रासाठी मागं लागायचे. आज चार ओळी लिहितो आहे ती त्यांची कृपा. पण तिथं असलो की मला सारखी काळजी लागायची, गावाकडं काहीतरी बिघडलं असेल आणि आपल्याला कळलं नसेल. बहुतेक वेळा काही बिघडलेलं नसायचं.

आमचं गाव भोकरदन तालुक्यात, पिंपळगाव रेणुकाईपासून पायी जाण्याच्या अंतरावर. आमच्या भागात जालन्याच्या बियाण्याच्या कंपन्या शेतकऱ्याला कपाशीचे प्लॉट देतात. विकायची कपाशी वेगळी आणि बियाण्याचा प्लॉट वेगळा. प्लॉटवर बाया दुपारी कळ्या सोलून ठेवतात, सकाळी दुसऱ्या वाणाचं फूल आणून त्यावर फिरवतात, आणि हे फूल झालं याची खूण म्हणून देठाला दोरा बांधतात. याला सगळे क्रॉसिंग म्हणतात. दादा एका मोठ्या शेतकऱ्याच्या प्लॉटवर देखरेखीला होता. तीस-चाळीस बाया त्याचं ऐकायच्या, तेही तो न बोलता. राहून गेलेलं फूल दिसलं की तो नुसता त्या झाडाजवळ जाऊन उभा राहायचा.

“आला माय, मुका मास्तर आला,” बाया हसायच्या. “सांग की रं, कोणतं राह्यलं? तू सांगस्तोर त्याचं बोंड व्हईल!”

तोही हसायचा. सावकाश सांगायचा. आणि त्या थांबायच्या, हे महत्त्वाचं.

पिक्चर काढला तेव्हा मी गावात नव्हतो. मायनं नंतर सांगितलं ते असं. एका कंपनीची जीप आली. नव्या वाणाचा पिक्चर काढून तो गावोगाव टीव्हीवर दाखवायचा होता. शेतकऱ्यानं बोंडांमध्ये उभं राहून सांगायचं, मी हे बियाणं लावलं आणि असं असं पिकलं. प्लॉटचे मालक दाढी करून, कडक कपडे घालून आले, पण कॅमेरा लागला की त्यांचे डोळे मिटायचे. सकाळ त्यातच गेली. मग कंपनीच्या साहेबाची नजर दादावर पडली. दादा दिसायला होताच तसा, उंच, सरळ नाकाचा, पांढऱ्याशुभ्र दातांचा. त्याला फेटा बांधला. त्यानं जन्मात फेटा बांधला नव्हता. बायांना सांगून एका तासातले, म्हणजे कपाशीच्या एका ओळीतले, सगळे दोरे तोडायला लावले, कारण दोरे दिसले की हा प्लॉट आहे हे बघणाऱ्या शेतकऱ्याला लगेच कळलं असतं. खरं तर ते झाड त्या वाणाचंही नव्हतं. ते त्याच्या मादीचं झाड, म्हणजे ज्यावर क्रॉसिंग करून ते बियाणं काढतात त्या वाणाचं. फेटा खोटा, शेत दुसऱ्याचं, कपाशीही वेगळीच. तरी एवढ्यानं काही झालं नसतं.

मी उन्हाळ्यात सुट्टीवर आलो तेव्हा ती प्रचाराची गाडी पिंपळगावला आली होती. रेणुकेच्या देवळाच्या सभामंडपाला ताडपत्र्या लावून अंधार केला होता आणि टेबलावर टीव्ही ठेवला होता. गडी पुढं, बाया कडेला. आधी गाणं झालं, मग पाण्याचा पाट, मग दादा. टीव्हीत दादा! सगळे ओरडले. मग त्यानं तोंड उघडलं.

“राम राम, शेतकरी बंधूंनो. गेली पंधरा वर्षं मी कपाशी पिकवतो आहे…”

असा भरदार, घोटीव आवाज. रेडिओवर बातम्या देतात तसा. एकही शब्द अडला नाही. ओठ पुढं-मागं होत होते, पण फेट्यामुळं आणि हसऱ्या दातांमुळं ते कुणी बघत नव्हतं. सभामंडपात एकच हसू फुटलं.

“आरं, हा तं बराबर बोलून राह्यला!”

“कंपनीनं जीभ बदलून देल्ली का रे?”

“पंधरा वर्सं? म्हंजी चड्डीत नव्हता तवापासून कपाशी करून राह्यला का?”

माय बायांमध्ये बसली होती. तिनं पदर तोंडाला लावला होता आणि डोळ्यांतून पाणी वाहत होतं. मी वाकून तिच्याजवळ गेलो.

“माय, तो आवाज दादाचा न्हाई.”

“तोंड कोनाचं हाये?”

“तोंड दादाचंच हाये, पन…”

“मंग आवाज कोनाचा असंल? गप बस जरा. ऐकू दे मला.”

दादा मागं खांबाला टेकून उभा होता. मला वाटलं, लाजेनं मेला असेल. जवळ गेलो तर तो टीव्हीकडे एकटक बघत होता.

त्या दिवसापासून लोकांचं थांबणं बंद झालं. हे सांगायला सोपं आहे, पण घरात राहून बघवत नव्हतं. दादाचे ओठ मिटले की समोरचा म्हणायचा, “ए, नाटकं नको करू. पिक्चरात कसा धडाधडा बोलला?” पोरं रस्त्यानं ‘राम राम, शेतकरी बंधूंनो’ म्हणत मागं लागायची. कंपनीनं मायला त्या पिक्चरची एक कॅसेट देऊन टाकली होती. शेजारच्या घरी व्हीसीआर होता. पाव्हणा आला की माय त्याला तिकडं घेऊन जायची. शेजारीण बिचारी कधी नाही म्हणाली नाही. आणि आता मायचा हातही परातीवर थांबेना. “तिथं बोललास ना? मंग इथंच काय व्हतं तुला?” असं ती प्रेमानंच म्हणायची. ती दुष्टपणानं म्हणाली असती तर मी भांडलो तरी असतो.

दादा बोटानं दाखवायला लागला. मीठ हवं तर मिठाकडं बोट. मी आठ-दहा दिवसांसाठी आलेलो, काय करणार? कँटीनच्या मालकांना तार करून सुट्टी वाढवून घेतली. त्यांनी एका शब्दानं विचारलं नाही.

तेवढ्यात दादासाठी एक स्थळ चालून आलं, जाफराबादकडचं. पोरीच्या बापानं भोकरदनच्या बाजारात तो पिक्चर बघितला, ‘हा पोरगा कोण’ म्हणून चौकशी केली, आणि निरोप धाडला की मुलगा बघायला येतो. दादाला आजवर स्थळ सांगून आलं नव्हतं. मायनं घर सारवून काढलं आणि मला चुलीपाशी बोलावलं.

“ल्हान्या, तू बोल. परदेसात राह्यलाय, तुला बोलायची रीत हाये. त्याला नुसतं हां-हूं करू दे.”

“माय, आपण खरं सांगून टाकू.”

“सांगू ना. लगीन झाल्यावर तिला आपोआप कळंल. तवर मानूस कसा हाये तेबी कळंल तिला.”

मी उठून कपबशा विसळायला घेतल्या. 

जीपमधून सहा जण आले. पोरीचा बाप शांत माणूस होता, बोलणारा तिचा मामा होता. पोहे झाले, चहा आला. मी बोलत होतो. पाऊसपाणी, गुजरात, कँटीन, काय वाट्टेल ते. घामानं माझी पाठ भिजली होती. शेवटी मामा म्हणाला, “पाव्हणं, तुमीच बोलून राह्यले सगळं. नवरदेवाला बोलू द्या की! आमी त्यायचंच बोलनं ऐकून आलो. ह्या आमच्या दाजींनी दोनदा पिक्चर पाह्यला, चक्कीवरचं दळन तसंच सोडून.”

“त्याचा घसा बसलाय जरा,” मी म्हणालो.

दादानं माझ्याकडं बघितलं. कपबशी खाली ठेवली आणि ओठ मिटले. मान डावीकडे झुकली. मी मनात म्हणत होतो, कुठलाही दुसरा शब्द घे, ‘म’ नको घेऊ. पण त्याला ‘मी’च म्हणायचं होतं. काय करणार, माणसाला स्वतःबद्दल सांगायचं तर ‘मी’ म्हणावंच लागतं. मामा आधी हसत होता. मग त्यानं माझ्याकडं बघितलं, मग आतल्या दाराकडं, जणू खरा नवरदेव आत लपवून ठेवला आहे.

“दाजी,” तो पोरीच्या बापाला म्हणाला, “हा तो न्हाई. भाऊ-बीऊ असंल त्याचा. दुसराच पुढं केला.”

“असं कसं म्हंता!” माय आतून बाहेरच आली. “पोटचा हाये माझ्या! चला, दाखवते.”

आणि ती सगळ्यांना घेऊन शेजारी गेली. मी तिला अडवायला हवं होतं. कॅसेट लागली. मामानं दादाला खांद्याला धरून टीव्हीशेजारी उभं केलं, बैलाच्या बाजारात करतात तसं. एकदा टीव्हीत बघायचा, एकदा दादाकडं. कानाखालचा तीळ जुळला. भुवईवरची खोक जुळली. टीव्हीतला दादा ‘शेतकरी बंधूंनो’ म्हणत होता आणि बाहेरचा दादा हात खाली सोडून उभा होता. ओळख पटवायला आणलेला माणूस उभा राहतो तसा.

“तोंड तेच हाये,” मामा शेवटी म्हणाला. “पन मानूस तो न्हाई.”

पोरीच्या बापानं हात जोडले. तो म्हणाला, “बाई, तुमी फसवलं असं मी म्हनत न्हाई. पन पोरीला घेऊन गेल्तो मी बाजारात. तिनं ऐकलंय ह्यायला. आता तिला काय सांगू?”

ते गेले. टीव्ही बंद करायचं कुणाला सुचलं नाही.

दुसऱ्या दिवशी मी सकाळच्या बसनं जालन्याला गेलो. नवीन जालन्यात स्टेशनच्या बाजूला त्या कंपनीचं ऑफिस होतं. मला ऑफिसात शिरायची फार भीती वाटते. तासभर समोरच्या रसाच्या गाड्याजवळ उभा राहिलो. मग गेलो. साहेब वाईट नव्हता. बस म्हणाला, पाणी दिलं.

“साहेब, त्या पिक्चरमधला आवाज काढून टाका.”

“काढला तर पिक्चर मुका होईल रे बाबा.”

“मंग त्याचाच आवाज लावा. जसा हाये तसा.”

“तो आमच्याकडं नाही. शूटिंगवाल्याकडं असला तर असेल.” त्यानं पत्ता चिठ्ठीवर लिहून दिला. मी त्याचे आभार मानून बाहेर पडलो. भांडायला गेलो होतो आणि आभार मानून आलो, हा माझा स्वभाव.

शूटिंगवाला जुन्या जालन्यात राहायचा. लग्नसराई होती. त्याच्या खोलीत कुणाच्या तरी वरातीच्या कॅसेटी पसरल्या होत्या आणि तो नवरीचा चेहरा एका गुलाबात बसवत होता. घरात उर्दू बोलणारा माणूस. माझं सगळं ऐकून घेतलं, हातातलं काम सोडलं आणि खोक्यातून एक कॅसेट शोधून काढली.

“देख लो भाई. मैं तो इसपे शादी उतारनेवाला था. तुम्हारा नसीब.”

ती मूळ कॅसेट. गाणं नाही, पाट नाही. दादाला फेटा बांधताहेत. मग “हां, बोल,” असा साहेबाचा आवाज, आणि दादाचे मिटलेले ओठ. मागून बायांचं हसू. “पुन्हा.” पुन्हा तेच. किती वेळा झालं ते मी मोजलं नाही. पुढं पुढं बायांचं हसणं बंद पडलं. एकीचा आवाज आला, “आता पुरं करा की वो, सोडा त्याला.” दादाच्या फेट्याखालून घाम येत होता. साहेब म्हणाला, “जाऊ दे, दुसरा माणूस बघू.” दादा चौकटीतून निघून गेला. कॅमेरा तसाच चालू राहिला होता. नुसती कपाशी दिसत होती, दोरे तोडलेली.

मी उठणार, तेवढ्यात तो परत आला. कॅमेरा चालू आहे हे त्याला माहीत नसावं. साहेबापुढं उभा राहिला. पाठमोराच दिसत होता, पण मान डावीकडं गेलेली दिसली. बराच वेळ लागला. मग म्हणाला, “आवाज दुसऱ्याचा टाका. तोंड… म… माझं राहू द्या. म… मायला एकदा ऐकायचं हाये.”

“काय ऐकायचंय?” साहेबाचा आवाज.

“म… मी. बराबर बोललेला.”

साहेब हसला. वाईट हसला नाही. “चल, ठीक आहे,” म्हणाला आणि कॅसेट संपली.

शूटिंगवाला माझ्याकडं बघत होता. “उसने खुद बोला था भाई. मैं समझा तुमकू मालूम होंगा.” कॅसेट बाहेर काढून म्हणाला, “क्या करूँ इसका? ले जाते, के मिटा दूँ?”

घेऊन जावं तर कुणाला दाखवू? मायला? पुसून टाका म्हणावं, तर दादाचा स्वतःचा आवाज दुनियेत तेवढ्याच एका जागी होता. मी म्हणालो, “राहू द्या तुमच्याकडंच.” त्यानं चहा पाजला. मी पैसे देऊ केले तर त्यानं त्यांना हात लावला नाही. त्या कॅसेटवर पुढं एखादं लग्न उतरलंच असेल. लग्नसराई होती.

घरी आलो तेव्हा दादा गोठ्यापाशी दाव्याला गाठ मारत होता. मी म्हणालो, “मूळ कॅसेट पाह्यली.” त्याचा हात थांबला.

“म… मायला सांगितलं?”

“न्हाई.”

“नको सांगू.” त्यानं गाठ पक्की केली. “तो चांगला बोलतो.”

‘तो’ म्हणाला. मी काहीतरी बोलायला हवं होतं, की तू पण चांगलाच बोलतो, तुझं बोलणं ऐकून मी मोठा झालो. पण मला तसं बोलता येत नाही, आणि गुजरातेत परत जायच्या बसचीही वेळ झाली होती. निघताना पाया पडलो. त्यानं नुसता डोक्यावर हात ठेवला.

पुढच्या वर्षी मायचं पत्र आलं, कुणाकडून तरी लिहून घेतलेलं. कंपनीनं दादाला घेऊन दुसरा पिक्चर काढला. ह्या वेळी त्यानं आवाज काढलाच नाही, नुसते ओठ हलवले, एका झटक्यात काम झालं, साहेब लई खूश, असं त्यात होतं. दादा घरात कसा आहे, बोलतो का, ते काही नव्हतं. मी पत्रानं विचारलं. उत्तरात पाऊस चांगला आहे असं आलं.

त्यानंतरच्या उन्हाळ्यात मी मालकांसाठी भाजी आणायला भरूचच्या अलीकडच्या एका गावच्या बाजारात गेलो होतो. तिकडंही कपाशी भरपूर. एका गाडीभोवती माणसं जमली होती आणि गाडीच्या मागच्या फळीवर टीव्ही लावला होता. त्यात दादा होता. ह्या वेळी फेटा तिकडच्या पद्धतीचा होता. हसत होता, बोंड हातात घेऊन दाखवत होता, आणि गुजराती बोलत होता. झकास, घरंदाज गुजराती. मला इतकी वर्षं राहून तशी येत नाही.

शेजारी एक म्हातारा शेतकरी उभा होता. मला राहवलं नाही. म्हणालो, “काका, ये मेरा भाई है.”

त्यानं मला वरपासून खालपर्यंत न्याहाळलं. हातातली भाजीची पिशवी बघितली, माझी बोली ऐकली. मग टीव्हीकडं बघितलं.

“तारो भाई? ए तो गुजराती छे.”

आजूबाजूचे दोघं-चौघंही वळून बघायला लागले. आता सांगायचं तर सगळंच सांगावं लागणार होतं. फेटा, दोरे, माय, जुन्या जालन्यातली ती खोली. कुठून सुरू करावं ते कळेना. माझे ओठ मिटलेले माझे मलाच जाणवले.

“नहीं काका,” मी म्हणालो. “मेरे भाई के जैसा दिखता है.”

“हा, एवुं थाय,” म्हणजे होतं असं, म्हातारा म्हणाला, आणि पुन्हा ऐकायला लागला.